घरधनीण हेनुत

"नाव उडव," गुप्ते सर म्हणाले.

टॉकबॅकचं बटण दाबलेलंच होतं, त्यामुळे काचेपलीकडे माइकसमोर बसलेल्या इंदूताईंनाही ते ऐकू गेलं. त्यांनी एका कानावरचा हेडफोन सरकवला आणि माझ्याकडे बघितलं.

"कुठलं नाव, सर?" मी विचारलं. माहीत होतं कुठलं ते. तरी विचारलं.

"अगं तेच. हेनुत. परकं नाव आलं की घरोघरी रिमोट हलतो. 'एक स्त्री' कर आणि पुढे चल."

थांबा, आधी नीट सांगते, नाहीतर तुम्ही मध्येच विचारत बसाल. सहा-सात वर्षं झाली याला. मी पुण्यात नवीन होते आणि एका मराठी चॅनलसाठी आमची 'मातीखालचं जग' नावाची मालिका चालली होती. बाहेरच्या फुटेज लायब्ररीतून चित्रं विकत घ्यायची, ती कापून-जोडून भाग तयार करायचा आणि वर मराठी निवेदन लिहायचं. इराक झालं, चीन झालं, पेरू झालं. ते भाग सीनियर लोकांनी लिहिले, मी नुसती माहिती शोधून द्यायचे. इजिप्तची माणसं मरणाबद्दल काय मानायची, हा भाग मात्र मला मिळाला. मला एकटीला! शेवटी पाटी येणार होती, 'लेखन – शर्वरी मगदूम.' गडहिंग्लजला आमच्या बाबांचं स्टेशनरीचं दुकान आहे ना, तिथे येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला त्यांनी सांगून झालेलं. खोडरबर न्यायला आलेल्या पोरांनासुद्धा. आणि आईने भिशीच्या सगळ्या बायकांना त्या रविवारी घरी बोलावून ठेवलेलं. पोहे करणार होती. टीव्ही हॉलमधून उचलून सोप्यात आणणार होती, कारण हॉलमध्ये एवढ्या बायका मावत नाहीत.

तर ते एक. आणि दुसरी हेनुत.

हेनुत म्हणजे एक दगड होता. गुडघ्याएवढा, कुठल्यातरी संग्रहालयातला. त्याच्यावर एक बाई बसलीय, नाकाशी कमळ धरून वास घेतेय. एवढंच. तिच्या पायाशी चार ओळी कोरलेल्या. त्यांचं भाषांतर फुटेजबरोबर आलेलं, ते वाचून मी खुर्चीतून उठलेच होते. त्यात लिहिलेलं की, या वाटेने जाणाऱ्या जिवंत माणसांनो, माझ्यासाठी एवढं म्हणा, हजार भाकरी, हजार घडे बियर, घरधनीण हेनुतला. यात तुमचं काही खर्च होत नाही. फक्त तोंडातला श्वास.

म्हणजे त्यांची समजूतच तशी होती. मेलेल्या माणसाचं नाव कुणी तोंडाने घेतलं की त्याला तिकडे भाकरी पोचते. नाव घ्यायचं थांबलं की संपलं. मग माणूस खरा मरतो. म्हणून बिचारे रस्त्याच्या कडेला दगड उभे करायचे, जाणाऱ्या-येणाऱ्याला विनवण्या करायचे.

आता सांगा, यातून नाव उडवायचं?

"सर," मी म्हटलं, "त्या दगडावर तेच तर लिहिलंय. माझं नाव घ्या म्हणून."

"मग सांग ना तसं. 'एका स्त्रीच्या शिळेवर नाव घेण्याची विनंती कोरलेली आहे.' छान वाक्य आहे."

"विनंती आहे असं सांगायचं आणि नाव घ्यायचं नाही?"

फिरोज हसला. फिरोज मुजावर, आमचा साउंड रेकॉर्डिस्ट, मिरजेचा. गुप्ते सरांच्या शेजारीच बसून त्यांच्यावर हसायची हिंमत त्या स्टुडिओत त्याच्या एकट्याचीच होती.

"म्हणजे दारात पाहुणा उभाय असं घरभर सांगायचं," तो म्हणाला, "आणि दार उघडायचं नाही."

"फिरोज, तू आवाज बघ."

"आवाजच बघतोय, सर. चांगला चढलाय दोघांचा."

गुप्ते सर वाईट माणूस नव्हते हां. मालिकेचे दिग्दर्शक ते, चॅनलला उत्तर तेच द्यायचे, आम्ही नाही. इराकच्या भागात एका वाक्यात तीन राजांची नावं आलेली आणि तिथे प्रेक्षकांचा आलेख असा खाली गेलेला, की सर म्हणायचे, त्या वाक्याला अख्खा महाराष्ट्र उठून पाणी प्यायला गेला. तेव्हापासून नियम झाला. एका भागात एक नाव. तेसुद्धा राजाचं.

"राणी असती तर एक वेळ ठेवलं असतं," ते म्हणाले. "कोण आहे ही?"

"घरधनीण."

"म्हणजे?"

"एवढंच लिहिलंय. घराची मालकीण."

"म्हणजे हाउसवाइफ."

"हो."

"शर्वरी, चार हजार वर्षांपूर्वीच्या हाउसवाइफचं नाव लोकांना काय करायचंय?"

मी अशी तापले ना! कान गरम झाले माझे. मी काहीतरी बोलणार, तेवढ्यात स्पीकरमधून इंदूताईंचा आवाज आला. इंदुमती काळसेकर. सत्तरीला आलेल्या, तीस वर्षं रेडिओवर काढलेल्या, आणि आवाज असा की नुसतं 'नमस्कार' म्हणाल्या तरी आपण सरळ बसावं. त्यांना आमच्या भांडणात रस नव्हता. त्यांना कामाचं विचारायचं होतं.

"शर्वरी, हेनुत की हेनूत? जोर कुठे देऊ?"

झालं. इथेच मी अडकले. कारण खरं सांगायचं तर ते कुणालाच माहीत नाही. ती माणसं स्वर लिहायचीच नाहीत. 'ह' आहे, 'न' आहे, 'त' आहे, मधलं सगळं आताच्या अभ्यासकांनी आपल्या सोयीने भरलेलं. मी ते सांगितलं. खोटं कसं सांगणार?

गुप्ते सरांचा चेहरा उजळला.

"बघ! म्हणजे तिच्या आईने तिला कधी अशी हाक मारलीसुद्धा नसेल. तू भलत्याच घरात पत्र टाकतेयस आणि वर म्हणतेस पोचवा."

मी कागदाकडे बघत उभी राहिले.

"गुप्ते," इंदूताई काचेपलीकडून म्हणाल्या. त्या सरांना नुसतं 'गुप्ते' म्हणायच्या. "मला माहेरी इंदे म्हणायचे. रेडिओवर काळसेकर. लग्नात सासरच्यांनी नाव बदललं, सुमित्रा ठेवलं. पहिलं वर्षभर कुणी सुमित्रा म्हटलं की मीच मागे वळून बघायची, कोण आलीय म्हणून. आता नातू इंदूआजी म्हणायला जातो आणि इंजी म्हणतो. सगळ्यांना ओ देते मी."

सरांनी खिशातलं पेन हातात घेतलं. पेनाचं टोपण काढलं, लावलं, परत काढलं.

"तुम्ही जोर कुठे देऊ तेवढं सांगा," इंदूताई म्हणाल्या. "बाकी तुमचं तुम्ही बघा."

"बरं," सर म्हणाले. "शर्वरी, बसव. एडिट लॉक झालंय, चित्राची एक फ्रेम हलणार नाही. आहे त्या चित्रावर बसलं तर ठेवू. आणि ती बियर काढ, लोक कुटुंबासकट बघतात."

"मग काय ठेवू?"

"सरबत कर."

"सर! हजार घडे सरबत?"

"मग पेय."

मी बियर सोडूनच दिली. म्हटलं, नुसत्या भाकऱ्या. तेवढीच जागा वाचली. हेनुतने त्याबद्दल माफ करावं.

मग मी कागद घेऊन बाहेर पायरीवर बसले आणि कापायला सुरुवात केली. निवेदनाचं असं असतं ना, की चित्र आधी ठरलेलं असतं आणि शब्दांना त्यातल्या मोकळ्या जागा मिळतात. इथे एवढी, तिथे तेवढी. म्हणजे वाक्य कितीही सुंदर असू दे, पडद्यावर नदीतली बोट दिसायला लागली की ते संपलंच पाहिजे. मी आधी विशेषणं काढली. 'विलक्षण' काढलं. 'अद्भुत' काढलं. 'थक्क करणारं' दोनदा होतं, दोन्ही काढली. 'गूढ' तर इतक्या वेळा होतं की मलाच लाज वाटली, कारण मीच लिहिलेलं, सरांना आवडतं म्हणून. सगळी गूढं काढून कागद आत नेला.

सरांनी वाचला. "गूढ कुठेय?"

"काढलं, सर."

"अगं प्रोमोत आहे. 'गूढ इजिप्त.' आठवडाभर चालू आहे टीव्हीवर. लोक काय म्हणतील, गूढ कुठे गेलं?"

"एक ठेवते."

"तीन ठेव."

"दोन."

"ठेव दोन," सर म्हणाले. बाजारात मेथीची जुडी घेतात ना, तसं चाललेलं आमचं.

इंदूताईंनी नवीन कागदावरून वाचलं, फिरोजने ते चित्राबरोबर लावून दाखवलं. आधीची सगळी वाक्यं नीट बसली. दगड दिसला, कमळ दिसलं, 'वाटेने जाणाऱ्या जिवंत माणसांनो' आलं, 'हजार भाकरी' आलं, आणि 'घरधनीण हेनुतला' यायच्या आत दगडाचा शॉट संपला. पुढच्या शॉटमध्ये उंट होता. भला मोठा, तोंड हलवत कॅमेऱ्याकडे बघणारा उंट. आणि बरोब्बर त्याच्यावर इंदूताईंचा तो गंभीर आवाज, 'हेनुतला.'

"लोकांना वाटेल उंटाचं नाव हेनुत," फिरोज म्हणाला.

हसू नका रे, मला रडायला येत होतं. सरसुद्धा हसले. पण मग म्हणाले, "बघितलंस ना? नाही बसत. सोड आता."

"दगड थोडा जास्त वेळ थांबवला तर? चार सेकंद?"

"आणि ती आणायची कुठून? भागाची लांबी ठरलेली आहे. एक सेकंद जास्त झाला तरी मुंबईहून टेप परत येते."

"उंट कापा."

"उंटावर पुढचं वाक्य आहे. तूच लिहिलंयस."

"सुरुवातीचं संगीत?"

"त्यावर प्रायोजकाचं नाव आहे. त्याला हात लावलास तर मलाच घरी बसवतील." सर आता खरंच कंटाळले होते. "अगं, सगळं विकलेलं किंवा ठरलेलं आहे. मोकळं असं काही नाहीच. एकच गोष्ट आहे, तुझी पाटी. 'लेखन – शर्वरी मगदूम.' बरोबर चार सेकंद. काढतेस?"

म्हणजे ते चेष्टेने म्हणाले. विषय संपवायला. फिरोज पण हसला आणि मशीनकडे वळला, आता पुढे जायचं म्हणून.

"काढा," मी म्हटलं.

फिरोजचा हात तसाच थांबला.

"मी चेष्टा करत होतो," सर म्हणाले.

"मी नाही करत, सर."

"वेडी आहेस का? पहिली पाटी आहे तुझी."

"दुसऱ्या कुणाच्या दोन पाट्या एकत्र करता येतील का?"

"नाही येत. एका पाटीवर एकच नाव, तो साचा वरून ठरून आलाय."

"माझी काढा," इंदूताई आतून म्हणाल्या. "माझं नाव पुष्कळ आलंय."

"तुमचं करारात आहे. काढलं तर चॅनल मला विचारेल. फिरोजचं पण करारात आहे, एडिटरचं पण, माझं पण." सर माझ्याकडे वळले. आवाज एकदम खाली आणला त्यांनी. "बिनकराराची तू एकटीच आहेस, शर्वरी. लक्षात येतंय का? सगळ्यांची नावं येणार आणि लेखकाचं नाही. लोकांना वाटेल हे कुणी लिहिलंच नाही."

"चालेल."

"घरी सांगितलंयस ना?"

मी मान डोलावली.

"मग?"

मी म्हटलं, "सर, तिने एवढंच मागितलंय. आणि आपल्याकडे माइक आहे."

सरांनी कपाळ चोळलं. मग म्हणाले, "लांबी तीच राहिली तर लॉक उघडता येईल. टेप उद्या दुपारी जाईल. तोवर विचार कर. आत्ता आवाज तेवढा घेऊन ठेवा."

आता आवाज घ्यायचा तर मागची गिरणी सुरू झालेली. आमच्या स्टुडिओच्या भिंतीला लागून पिठाची गिरणी होती. भिंतीला काय काय लावलं होतं आम्ही, कापूस, गाद्या, पण ज्वारी दळायला घेतली की माइकमध्ये यायचीच. म्हणून आम्ही गिरणी बंद असताना रेकॉर्डिंग करायचो. त्या दिवशी भांडणातच ती वेळ निघून गेली. मी तशीच धावत मागे गेले. गिरणीवाले तुपेकाका आणि त्यांच्यापुढे डबे घेऊन उभी असलेली माणसं, सगळ्यांच्या भुवया पांढऱ्या.

"काका, जरा थांबवता का? एक नाव घ्यायचंय!"

पट्ट्याच्या आवाजात त्यांना कळेना. त्यांनी मुठीने ज्वारी आत लोटली आणि ओरडून विचारलं, "कुणाचं?"

"हेनुतचं!"

"कोण?"

"एक बाई आहे! वारली!"

काकांनी चटकन टोपी काढली. "अरेरे. कधी?"

"चार हजार वर्षं झाली!"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. डब्यावाल्यांकडे बघितलं. मग टोपी परत डोक्यावर ठेवली आणि बटण बंद केलं. पट्टा फडफडत हळूहळू थांबला आणि इतकी शांतता झाली, की चाळणीतून पडणारं पीठ ऐकू यावं.

"बाई आता एवढी थांबलीय," काका म्हणाले, "तर गिरणी पण जरा थांबू दे. उरका."

मी परत आत. इंदूताई पाणी पिऊन तयार.

"शर्वरी, हाक कुठून मारू? जवळून की लांबून?"

"लांबून. पण ओरडून नको."

"म्हणजे परसदारी कुणी काम करत असेल आणि जेवायला बोलवायचंय, तशी?"

"हो! तशीच!"

त्यांनी डोळे मिटले. फिरोजने बोट वर केलं आणि खाली आणलं.

त्या माहितीपटाच्या आवाजात बोलल्याच नाहीत हो. तो रेडिओवाला, घडीव, सरळ बसायला लावणारा आवाज त्यांनी बाजूला ठेवला. अगदी साधं म्हणाल्या. "वाटेने जाणाऱ्या जिवंत माणसांनो, एवढं म्हणा. हजार भाकरी, घरधनीण हेनुतला. यात तुमचं काही खर्च होत नाही. फक्त तोंडातला श्वास."

आणि मग, हे कागदावर नव्हतं, थोडं थांबून, नुसतंच, "हेनुत."

फिरोजने मशीन लगेच बंद केलं नाही. सर काचेतून इंदूताईंकडे बघत होते.

"आणखी एक टेक घेऊ?" फिरोजने विचारलं.

"नको," सर म्हणाले. "गिरणीवाल्याला सांगा, झालं."

संध्याकाळी मी घरी फोन लावला. म्हटलं, आधीच सांगून टाकू. बाबांनी उचलला.

"अगं तुला सांगायचंच होतं," ते म्हणाले. "केबलवाल्याला सांगून ठेवलंय, रविवारी गल्लीची लाईट गेली तरी तू चॅनल घालवायचं न्हाई. तो म्हणाला, लाईट गेल्यावर टीव्हीच बंद असतोय. मी म्हटलं, ते आमचं आम्ही बघतो, इन्व्हर्टर आणलाय."

"इन्व्हर्टर आणलात?"

"बबन खोतांचा. दोन दिवसांपुरता. तू काय म्हणत होतीस?"

"काही नाही," मी म्हटलं. "बाबा, भाग मात्र पूर्ण बघा. नुसतं शेवटचं नाव बघायला बसू नका. मध्ये एक दगड येईल, तो नीट बघा."

"बघतो की. दगड ना? बघतो."

रात्री अंथरुणात पडल्या-पडल्या मला पाटी दिसायची. काळ्यावर पांढरी अक्षरं. 'मगदूम'चा 'म' कसा दिसेल, ते दिसायचं. मग वाटायचं, सकाळी जाऊन सांगावं, सर, राहू दे, 'एक स्त्री' चालेल. कुणाला कळणार होतं? तिला तर नाहीच. मग मी कुशीवर वळायचे आणि वाटायचं, चार हजार वर्षांत त्या दगडासमोरून जाणारे सगळे असंच म्हणाले असतील.

दुसऱ्या दिवशी दुपारी सरांनी बोलावलं. टेप समोरच होती.

"शेवटचं विचारतो. पाटी लावू? अजून होईल."

"नको, सर."

"पुढच्या भागात तुझी पाटी येईल, शब्द देतो. पण या भागात तू नसशील. नंतर माझ्याकडे रडत यायचं नाही."

"नाही येणार."

सरांनी टेपवर सही केली. मग उगाचच कागद आवरत म्हणाले, "घरधनीण चांगला शब्द काढलास."

रविवारी मी घरमालकिणीच्या टीव्हीवर बघितलं. जाहिराती, मग संगीत, प्रायोजक, गूढ, दुसरं गूढ. मग दगड आला. आणि थांबला. चार सेकंद म्हणजे काय असतं ते टीव्हीवर दगड बघताना कळतं. इंदूताईंचा आवाज आला, नाव आलं, परत एकदा आलं आणि मग उंट. घरमालकीण भेंडी चिरत होत्या, त्यांनी सुरी थांबवली. नंतर परत चिरायला लागल्या. शेवटी पाट्या धावल्या. दिग्दर्शन, संकलन, ध्वनी, निवेदन. आणि लगेच साबणाची जाहिरात.

मी मनात दहा मोजायच्या आत फोन वाजला.

"शरू!" आई. मागे नुसता कलकलाट, बशा, बायका. "शरू, तुझं नाव कुठं गेलं?"

"आलं नाही का?"

"न्हाई आलं! कुणाची पापणी लवली न्हाई हितं. संकलन आलं, कोण तो मुजावर आला, त्या बोलणाऱ्या बाईचं आलं. तुझं न्हाई! शांताबाई म्हणतात, जाहिरातीत गेलं असंल. तुझे बाबा केबलवाल्याला फोन लावायला लागलेत, त्याला म्हणतात, तूच कापलंस."

"बाबांना थांबव, आई. त्याने नाही कापलं. मीच काढलं."

"काय?"

"वेळ पुरत नव्हता. त्या दगडावरच्या बाईचं नाव घ्यायचं होतं, म्हणून माझं काढलं."

फोन कट झाला की काय, म्हणून मी बघितलं. चालू होता.

"कुणाचं नाव?" आई म्हणाली.

"हेनुतचं."

"ती उंटाच्या आधीची?"

"हो."

"कमळ हुंगत बसलेली?"

"हो, तीच."

"तिच्यापायी तू सोताचं नाव काढलंस?"

"हो."

मग आईने फोन कानापासून लांब घेतला असणार, कारण तिचा आवाज सोप्यात घुमला. "अवो, ऐकलंसा का! त्या हेनूतपायी पोरीनं सोताचं नाव काढलंया!"

"कुणापायी?" कुणीतरी बाई.

"हेनूत, हेनूत! त्या दगडावरची!"

"कोण हेनूत?" आता बाबा.

"अगं बाई, ती होय, हेनूत," शांताबाई असणार त्या. "मला वाटलं कोण राणीच हाय."

"राणी कसली! घरात राबणारी बाई ती, आपल्यासारखी. हेनूत म्हणं! इतक्या वर्सांनी आत्ताच यायचं होतं व्हय हिला, माझ्या पोरीच्या रविवारी?" आणि परत फोनवर माझ्यावर, "पोहे केले मी एवढ्या बायकांचे! इन्व्हर्टर आणला माणसानं! कुणाला काय सांगू मी आता?"

"सांग ना, असं असं झालं म्हणून."

"काय सांगू? हेनूत आली म्हणून माझी लेक गेली? कोण कुठली हेनूत, काय नात्याची न् गोत्याची..."

ती अशी चिडली होती ना! श्वाससुद्धा घेत नव्हती. मागे बायकांचं चाललेलंच, हेनूत म्हणजे काय, हेनूत असंच म्हणाली का ती टीव्हीवरची, एक म्हणतेय हेनूत, एक म्हणतेय हेणूत, कुणाचंतरी बाळ मध्येच ओरडलं, "नूत!"

मी फोन या कानाचा त्या कानाला लावला.

"आई," मी म्हटलं, "इथे नीट ऐकू येत नाहीये. कोण आली म्हणालीस?"

"हेनूत गं, हेनूत!"

"नाही कळलं. जरा मोठ्याने सांग."